माग नसताना कापड: पुण्यात बसून बॉबिन लेस शिकायची तर

रविवार पेठेत बोहरी आळीतल्या लेसच्या दुकानात शिरलं की काउंटरवरून आधी प्रश्न येतो, "ताई, जीपीओ दाखवू का नेटवाली?" भिंतभर रिळं असतात, पण त्यात बॉबिन लेस बहुधा एकही नसते. जीपीओ म्हणजे जिला काही दुकानांत केमिकल लेस म्हणतात ती. विरघळणाऱ्या कापडावर मशीनने दाट भरतकाम करतात, मग खालचं कापड विरघळवून टाकतात आणि उरतं ते नुसतं भरतकाम. नेटवाली लेस मशीनवर विणलेली असते. भिंगाखाली धरली तर स्वेटरच्या विणीसारख्या बारीक साखळ्या दिसतात. आंध्रातल्या नरसापूरची लेस हाताची खरी, पण ती क्रोशाच्या सुईची.

बॉबिन लेस या सगळ्यांपेक्षा वेगळी. टणक उशीवर टोचलेलं कार्ड, त्यावर टाचण्या, आणि छोट्या लाकडी बॉबिनींवर गुंडाळलेले धागे. हे धागे टाचण्यांभोवती एकमेकांवरून टाकत न्यायचे, बस्स. सुई नाही, हूक नाही, माग नाही. सोळाव्या शतकात इटली आणि फ्लँडर्समध्ये (म्हणजे मुख्यतः आजच्या बेल्जियमच्या भागात) ही कला आकाराला आली. आपल्याकडेही ती आली होती. १८२०च्या सुमारास नागरकोइलला लंडन मिशनरी सोसायटीच्या मार्था मॉल्ट यांनी मुलींना ती शिकवायला सुरुवात केली आणि दक्षिणेच्या त्या टोकाला ती रुजली. महाराष्ट्रात मात्र ती फारशी कुणाला ठाऊक नाही, त्यामुळे शेजारच्या काकूंना विचारून शिकण्याची सोय नाही. म्हणून हा लेख जरा तपशिलात.

एक गोष्ट आधीच सांगते. लेस शिकण्याचा खरा फायदा लेस मिळणं हा नाही. दोन-तीन महिने हे काम केलं की कापडाकडे बघायची नजर बदलते. साडी हातात घेतल्यावर सूत कसलं, पीळ किती, वीण घट्ट की सैल, हे बोटांना कळायला लागतं. ज्यांना नुसती किनार हवी आहे त्यांनी खुशाल बोहरी आळीत जावं.

आधी मांजरपाट उसवा

बॉबिनी मिळेपर्यंतचा हा अभ्यास आहे आणि तो टाळू नका. कोऱ्या मांजरपाटाचा हातरुमालाएवढा तुकडा घ्या, एका बाजूला किनार असेल असा. काळ्या कागदावर ठेवून भिंगातून पाहा. किनारीला समांतर जाणारे धागे म्हणजे ताणा, आडवे म्हणजे बाणा. एक सेंटिमीटरमध्ये उभे किती, आडवे किती ते मोजा. मग कडेने चार-पाच धागे ओढून काढा. ताण्याचा धागा बहुतेक वेळा जास्त पिळाचा आणि कडक लागतो, कारण मागावर सगळा ताण त्याला सोसावा लागतो. बाण्याचा धागा मऊ असतो.

आता तोच धागा दोन्ही टोकांना धरून उलगडा. एका दिशेने पीळ सुटतो, दुसऱ्या दिशेने आणखी आवळतो. पिळाच्या तिरक्या रेषा इंग्रजी झेडच्या मधल्या रेषेसारख्या झुकत असतील तर झेड पीळ, एसच्या मधल्या भागासारख्या झुकत असतील तर एस पीळ. शिलाई मशीनचा दोरा शेवटच्या पिळाला बहुधा झेड असतो. उलट पिळाचा दोरा मशीनच्या टाक्यात उसवत जातो. लेसमध्ये बॉबिन हातात सतत फिरत असते, त्यामुळे इथेही पीळ सुटण्याचा धोका असतो. काम करताना धागा पिंजलेला, लोकरीसारखा दिसायला लागला तर तुमच्या बोटांनी त्याचा पीळ काढलाय असं समजा आणि बॉबिन उलट्या दिशेने थोडी फिरवा.

जाळून पाहण्याची परीक्षा तुम्हाला माहीत असेल. सुती धागा कागदासारखा जळतो आणि मागे मऊ राखाडी राख राहते. पॉलिएस्टर वितळतं आणि त्याचा कडक मणी होतो. रेशमाला केस जळल्याचा वास येतो. हे करताना धागा चिमट्यात धरा, खाली स्टीलची ताटली ठेवा. दुकानदार "प्युअर कॉटन" म्हणाला तरी एक वीतभर धागा जाळून पाहायला हरकत नाही.

धागा कोणता

जुन्या युरोपीय लेस मुख्यतः लिननच्या, म्हणजे जवसाच्या खोडातून निघणाऱ्या तंतूच्या. फ्लँडर्समधलं अतिबारीक लिनन दमट तळघरात बसून कातत, कारण कोरड्या हवेत तो तंतू तुटतो. पुण्याच्या एप्रिल-मेमध्ये लिनन घेऊन बसाल तर याचा अनुभव येईल. सुरुवातीला लिननच्या वाटेला जाऊच नका.

पहिल्या कामाला पर्ल कॉटन नंबर ८ घ्या. भरतकामाच्या सामानाच्या कुठल्याही दुकानात १० ग्रॅमचा गोळा मिळतो. नंबर जितका मोठा तितका धागा बारीक. ५ जाड, १२ नाजूक. सुताच्या काउंटचंही तसंच. एका पौंडात ८४० यार्डांच्या जितक्या लडी बसतात तो काउंट, म्हणून ६०चं सूत २०च्या सुतापेक्षा बारीक. पर्ल कॉटन मर्सराइज्ड असतं. कॉस्टिक सोड्याच्या या प्रक्रियेचं पेटंट जॉन मर्सर या इंग्रजाने १८५० साली घेतलं. सूत ताणून धरायची युक्ती नंतर कुणाला तरी सुचली आणि धाग्याला चमक आली ती तिच्यामुळे. असा धागा गुळगुळीत असल्याने चुकलेला टाका उलगडताना अडकत नाही. नवशिक्याला याच्याइतका मोठा गुण दुसरा नाही. रंग पांढरा किंवा फिका घ्या. काळ्यावर शिकू नका, डोळे फुटतील.

धागा पॅटर्नला, म्हणजे कार्डावर टोचलेल्या ठिपक्यांच्या आराखड्याला, जुळतो का, हे पाहायची सोपी रीत आहे. धागा पट्टीवर एकमेकांना चिकटून, पण न दाबता गुंडाळा. टॉर्शन प्रकारच्या लेसमध्ये (ही सोपी भौमितिक लेस आपण पुढे करणार आहोत) काठावरच्या दोन टाचण्यांमध्ये जेवढं अंतर असेल तेवढ्यात साधारण १० ते १२ वेढे बसले पाहिजेत. सातच बसले तर धागा जाड आणि लेस गच्च होईल. वीस बसले तर जाळं लुळं पडेल. धागा बदलायचा नसेल तर पॅटर्न मोठा-लहान करा.

उशी, बॉबिनी आणि बाकीचं

परदेशी किट मागवण्याचा मोह होतो. माझं मत विचाराल तर पहिल्या वर्षी एकही आयात वस्तू लागत नाही.

उशीसाठी लाकडाचा भुसा उत्तम. भवानी पेठेतल्या टिंबर मार्केटच्या बाजूला चौकशी करा. बारीक, कोरडा, काड्याकुड्या नसलेला भुसा पोतंभर मागा. दोन दिवस कडक उन्हात वाळवा, चाळा. मांजरपाटाची ४५ सेंमी व्यासाची गोल पिशवी दुहेरी शिवा आणि त्यात भुसा ठासून भरा. ठासून म्हणजे लाटण्याच्या टोकाने कोंबून. टाचणी खुपसल्यावर ती डगमगता कामा नये, आणि बाजूने पिशवी मुठीत दाबली तर दबता कामा नये. मध्ये किंचित फुगवटा, कडेला उतार असू द्या, म्हणजे बॉबिनी आपल्या वजनाने लोंबतात. वरून गडद निळ्या किंवा हिरव्या गुळगुळीत सुती कापडाचा अभ्रा. खादी नको, तिचे तंतू धाग्यात गुंततात. पावसाळ्यात भुसा दमट होतो, तेव्हा मधूनमधून उशीला ऊन दाखवा. घाई असेल तर इन्सुलेशनचा घट्ट फोम, दोन इंच जाडीचा, कापड लावून चालतो. पॅकिंगचा भुसभुशीत थर्माकोल मात्र महिनाभरात चाळणी होतो.

बॉबिनी कातारी करून देतो. लाटणी, रवी, भोवरे करणाऱ्याला हे काम अवघड नाही. त्याला नमुना कागदावर खऱ्या मापात काढून द्या: लांबी १० सेंमी, जाडी ८ मिमी, वरच्या टोकाला छोटं गोल डोकं, डोक्याखाली बारीक खाच, त्याखाली धागा गुंडाळायला अडीच सेंमी लांबीची बारीक मान. "काका, सगळ्या एका वजनाच्या हव्यात, आणि पॉलिश नको," हे दोनदा सांगा. वजन कमीजास्त झालं की ताण कमीजास्त होतो, आणि पॉलिश दमट हवेत चिकटतं. शिसवी किंवा बाभळीचे तुकडे चालतात. ३० करून घ्या. इंग्लंडच्या मिडलँड्स भागात बॉबिनीच्या खालच्या टोकाला मण्यांचं कडं अडकवतात. ते दिसायला छान असतंच, पण खरं काम वजन देण्याचं आणि बॉबिन गडगडू न देण्याचं. तुमच्या बॉबिनी फार हलक्या वाटल्या तर खालच्या टोकाला भोक पाडून बोहरी आळीतलेच चार काचमणी तारेत ओवा.

टाचण्या पितळी किंवा स्टेनलेस स्टीलच्या, बारीक आणि लांब. साध्या लोखंडी टाचण्या जुलैत गंजतात आणि त्यांचा पिवळा डाग पांढऱ्या धाग्यावरून निघत नाही. आलेख कागद अप्पा बळवंत चौकात, मिलिमीटरच्या चौकटींचा. कार्डासाठी जुन्या लग्नपत्रिका जमवा. घरात त्यांचा तोटा नसतोच, आणि त्यांची जाडी नेमकी लागते तेवढी असते. बाकी बारीक सुई (बुचात खोचून मूठ केलेली), कात्री, आणि काम झाकायला एक धुतलेला पंचा.

बॉबिन भरणं

लेसमध्ये धागा नेहमी जोडीने चालतो. एकाच धाग्याच्या दोन टोकांना दोन बॉबिनी, आणि मधला भाग टाचणीला अडकवायचा. पहिल्या पट्टीला सात जोड्या लागतील. सहा जोड्यांसाठी धाग्याची लांबी प्रत्येकी एक मीटर, सातवीसाठी चार मीटर. ही सातवी जोडी सगळीकडे फिरणार, म्हणून तिला धागा जास्त.

धागा मानेवर एकसारखा गुंडाळा. शेवटी धाग्याचा छोटा फास करून तो डोक्याखालच्या खाचेत बसवा. फास बरोबर बसला याची खूण: बॉबिन धाग्याला लोंबत ठेवली तर सुटत नाही, पण आडवी धरून हलकेच गोल फिरवली तर धागा सोडते. हे जमेपर्यंत पुढे जाऊ नका. फास उलटा पडला तर बॉबिनी सुटून सुटून खाली पडतात आणि माणूस आपल्या हाताला दोष देत बसतो.

दोनच हालचाली

दोन जोड्या, म्हणजे चार बॉबिनी समोर घ्या. डावीकडून जागांना १, २, ३, ४ म्हणा. आकडे जागांचे आहेत, बॉबिनींचे नाहीत. बॉबिन जागा बदलते, आकडा जागेवरच राहतो. नव्याण्णव टक्के घोळ इथेच होतो.

क्रॉस: २ वरची बॉबिन ३ वरून उजवीकडे.
ट्विस्ट: २ वरची १ वरून डावीकडे, आणि त्याच वेळी ४ वरची ३ वरून डावीकडे.

क्रॉसमध्ये नेहमी डावा धागा वर, ट्विस्टमध्ये नेहमी उजवा धागा वर. संपूर्ण बॉबिन लेस, ब्रुजची असो की स्लोव्हेनियातल्या इद्रियाची, या दोन हालचालींवर उभी आहे. क्रॉस-ट्विस्ट, क्रॉस-ट्विस्ट असं चार बॉबिनींवर करत गेलात तर खाली चौपेडी वेणी तयार होते. आधी वीतभर वेणीच घाला, दोन रंगांच्या जाड दोऱ्यांनी. रंग असले की कोणता धागा कुठे गेला ते दिसतं.

क्लॉथ स्टिच म्हणजे क्रॉस, ट्विस्ट, क्रॉस. हे केलं की डावी जोडी पूर्ण उजवीकडे आणि उजवी पूर्ण डावीकडे जाते. लाल जोडी आणि पांढरी जोडी घेऊन करा. शेवटी रंगांची अदलाबदल झालेली दिसली नाही तर काहीतरी चुकलं.

हाफ स्टिच म्हणजे नुसता क्रॉस आणि ट्विस्ट. यात जोड्या फुटतात, प्रत्येक नव्या जोडीत एक लाल, एक पांढरा.

पहिली पट्टी

आलेख कागदावर दोन उभ्या रेघा काढा, मध्ये १२ मिमी अंतर. डाव्या रेघेवर दर ४ मिमीला ठिपका. उजव्या रेघेवरही दर ४ मिमीला, पण २ मिमी खाली सरकवून, म्हणजे ठिपके नागमोडी येतील. लांबी १५ सेंमी. कागद पत्रिकेच्या कोऱ्या बाजूला चिकटवा, वरून फिकट निळा पारदर्शक कागद लावा (पांढऱ्यावर पांढरा धागा दिसत नाही), आणि प्रत्येक ठिपका सुईने सरळ उभा टोचा. सुई तिरकी गेली तर टाचणीही तिरकी जाते.

कार्ड उशीवर पक्कं करा. वरच्या कडेला ओळीने सहा टाचण्या लावून सहा जोड्या अडकवा. या उभ्या जोड्या, यांचा ताणा. डावीकडच्या पहिल्या ठिपक्यात टाचणी लावून सातवी जोडी अडकवा. ही फिरती जोडी, हा बाणा.

फिरती जोडी आणि तिच्या उजवीकडची पहिली उभी जोडी यांचा क्लॉथ स्टिच करा. फिरती आता एक घर पुढे गेली. पुढच्या जोडीशी पुन्हा तेच. सहाही जोड्या ओलांडून ती उजव्या काठाला आली की तिला दोन ट्विस्ट द्या. मग टाचणी फिरत्या जोडीच्या आत, म्हणजे तिच्या आणि शेवटच्या उभ्या जोडीच्या मध्ये, उजव्या पहिल्या छिद्रात लावा. टाचणी जराशी मागे आणि बाहेरच्या बाजूला कललेली असू द्या. फिरती जोडी टाचणीला वळसा घालून परत डावीकडे निघते.

दर ओळीला टाचणी लावल्यावर थांबा आणि ताण द्या. उभ्या जोड्या एकेक करून हलकेच खाली ओढा, मग फिरती. ताण म्हणजे हिसका नव्हे. धागा सरळ झाला, काठ टाचणीला टेकला, की पुरे. पहिल्या पाच सेंमीत काठ वाकडातिकडा येणार, येऊ द्या. पुढचं आपोआप सरळ होत जातं.

तळहाताएवढी पट्टी झाली की भिंग घ्या आणि सुरुवातीला उसवलेल्या मांजरपाटाशेजारी ठेवून पाहा. एक वर, एक खाली, एक वर, एक खाली. वीण तीच. हे डोळ्यांनी पाहिल्यावर राजा दिनकर केळकर संग्रहालयात किंवा घरच्या कपाटात पैठणीचा पदर पुन्हा निरखा. मोराच्या निळ्या रंगाचा बाणा फक्त मोराच्या हद्दीत फिरतो, हद्दीला शेजारच्या रंगाच्या बाण्यात अडकून मागे वळतो. तुमची फिरती जोडी टाचणीला वळसा घालून वळते, तेच तत्त्व, फक्त तिथे टाचणी नाही आणि विणकराचं कौशल्य अफाट आहे.

मग त्याच कार्डावर हाफ स्टिचची पट्टी करा. सुरुवातीला सगळ्या जोड्यांना एकेक ट्विस्ट द्या. इथे गंमत अशी की फिरत्या जोडीतला एकच धागा आडवा धावतो, दुसरा मध्येच सुटून तिरका निघून जातो. त्यामुळे वीण जाळीदार, हलकी होते. म्हणून तो आडवा धावणारा धागा तुटला तर भारी पडतं. त्याला धागा भरपूर ठेवा.

जाळीची पुस्तकखूण

आता टॉर्शन. ही सगळ्यात सोपी भौमितिक लेस, ४५ अंशांच्या तिरक्या रेषांवर बसलेली, त्यामुळे पॅटर्न स्वतः काढता येतो. आलेख कागदावर पहिल्या ओळीत तीन ठिपके, ६ मिमी अंतराने. ३ मिमी खाली दुसरी ओळ: वरच्या ठिपक्यांच्या बरोबर मध्ये दोन ठिपके, आणि दोन्ही बाजूंना काठाचा एकेक ठिपका, पहिल्या ओळीतल्या टोकाच्या ठिपक्यापासून आडवा ४ मिमी बाहेर. पुन्हा ३ मिमी खाली पहिली ओळ. असं १८ सेंमीपर्यंत. काठाच्या टाचण्यांमध्ये ६ मिमी अंतर येतं आणि नंबर ८ धाग्याचे दहा-बारा वेढे तेवढ्यात बसतात.

लागतील बारा जोड्या, सगळ्यांना दीड-दीड मीटर धागा. सहा जोड्या जाळीच्या, पहिल्या ओळीच्या प्रत्येक ठिपक्याच्या वर दोन-दोन अडकवलेल्या. उरलेल्या सहांपैकी तीन डाव्या काठाला, तीन उजव्या: दोन उभ्या आणि सगळ्यात बाहेर एक काठाची.

जाळीचा टाका: दोन जोड्या घ्या, दोन्हींना एकेक ट्विस्ट असू द्या, क्रॉस-ट्विस्ट, मध्ये टाचणी, क्रॉस-ट्विस्ट. पहिल्या ओळीत हे तीनदा. दुसऱ्या ओळीत शेजारशेजारच्या टाचण्यांवरून आलेल्या एकेका जोडीला एकत्र आणून मधल्या दोन टाचण्यांवर तेच. दोन्ही बाजूंना एकेक जोडी उरते, ती काठाला जाते.

काठ नीट वाचा. उजवी बाजू सांगते, डावी आरशातली. जाळीतून आलेली जोडी दोन उभ्या जोड्यांतून क्लॉथ स्टिचने पार करा आणि तिला एक ट्विस्ट द्या. आता ती आणि काठाची जोडी यांच्यात क्रॉस-ट्विस्ट-क्रॉस-ट्विस्ट. टाचणी या दोन्ही जोड्यांच्या आत लावा. बाहेरच्या जोडीला एक जादा ट्विस्ट देऊन सोडून द्या. आतली जोडी दोन उभ्या जोड्यांतून क्लॉथ स्टिचने परत आणा, एक ट्विस्ट द्या. ती आता जाळीत शिरायला तयार. म्हणजे प्रत्येक खेपेला जाणारी जोडी बाहेर राहते आणि बाहेरची आत येते. सुरुवातीला आपण कुणाला फसवतोय असं वाटतं, पण लेसचा काठ या अदलाबदलीमुळेच घट्ट बसतो.

पुढची टाचणी कोणती हे कसं कळायचं? वर डावीकडून एक आणि वर उजवीकडून एक, अशा दोन्ही जोड्या जिथे येऊन पोचल्यात तीच टाचणी घ्यायची. एकच आली असेल तर थांबा, दुसरीकडचं काम बाकी आहे. हा एक नियम डोक्यात बसला की लेखी सूचना लागतच नाहीत, आणि मग आडव्या ओळींऐवजी तिरक्या रांगांनी काम करायला लागा, हात भरभर चालतो.

टाचण्या लगेच काढू नका. खालचं पाच-सात सेंमी काम नेहमी टाचण्यांवर असू द्या, वरच्या काढून खाली वापरा.

बिघडलं तर

टाका चुकला तर उलट क्रमाने उलगडायचा. क्रॉस काढताना ३ ची बॉबिन २ वरून मागे. ट्विस्ट काढताना १ ची २ वरून आणि ३ ची ४ वरून. कात्री लावायची नाही. दोन टाचण्या मागे चूक दिसली तर उलगडा. दहा टाचण्या मागे दिसली आणि पुस्तकखूण स्वतःसाठी असली तर राहू द्या.

धागा तुटला किंवा संपत आला तर गाठ मारून जोडायच्या भानगडीत पडू नका, गाठ जाळीत डोळ्यासारखी दिसते. नवा धागा वर एका टाचणीला बांधा, जुन्याबरोबर जोडीने दोन सेंमी चालवा, मग जुना सोडून द्या. उरलेली टोकं शेवटी कापा. शक्य असेल तर हे उभ्या जोडीत किंवा क्लॉथ स्टिचच्या भागात करा, तिथे ते झाकलं जातं.

जाळी एका बाजूला ओढली गेली तर दोष बहुतेक वेळा काठाच्या ताणात असतो, जाळीत नाही.

शेवट आणि जपणूक

शेवटच्या टाचण्यांनंतर प्रत्येक जोडीची चपटी दुहेरी गाठ मारा, दोन्ही बाजूंच्या सहा-सहा जोड्यांच्या वेण्या घाला आणि खाली गोंडा बांधा. पुस्तकखुणेला गोंडा शोभतोच, आणि टोकं लपवायचा त्रास वाचतो.

उशीवरून काढायच्या आधी पातळ खळ ब्रशने लावून रात्रभर टाचण्यांवरच वाळू देतात. पुस्तकखुणेला चालेल. पण जी लेस वर्षानुवर्षं ठेवायची आहे तिला खळ नको. खळ असली की कसर लागते. ती रिठ्याच्या कोमट पाण्यात बुडवून, न चोळता, न पिळता धुवा, टॉवेलवर सपाट वाळवा आणि धुतलेल्या मलमलीत गुंडाळून ठेवा. घडी घालू नका, घडीवर धागा तुटतो. प्लॅस्टिकच्या पिशवीत तर अजिबात नको, पुण्याच्या पावसाळ्यात आत ओल धरते.

पुस्तकखूण दोन-तीनदा नीट जमली की तिच्यात कोळी बसवा. टॉर्शनमधला हा पहिला नक्षीचा आकार, आणि फक्त क्लॉथ स्टिचवर होतो. डावीकडून तीन जोड्या, उजवीकडून तीन, प्रत्येकीला तीन-तीन ट्विस्ट; हे कोळ्याचे पाय. मग डाव्या तिन्ही जोड्या उजव्या तिन्हींतून क्लॉथ स्टिचने पार करा, बरोबर मध्यावर, तीन जोड्या एका बाजूला आणि तीन दुसऱ्या बाजूला ठेवून, टाचणी लावा, आणि त्याच सहा जोड्यांना पुन्हा एकमेकींतून पार करा. सगळ्यांना परत तीन-तीन ट्विस्ट. टाचणी लावल्यावर सहाही जोड्या एकदम खाली ओढा, नाहीतर कोळ्याचं पोट सुटतं. पॅटर्नमध्ये त्याच्यासाठी जाळीचे ठिपके समभुज चौकोनाच्या आकारात वगळा आणि मध्यावर एकच ठिपका ठेवा. पुस्तकखुणेची दोन सेंमी रुंदी यासाठी अपुरी पडते, तेव्हा पहिल्या ओळीत तीनऐवजी पाच ठिपके घेऊन नवं कार्ड काढा आणि जोड्या बाराच्या सोळा करा, म्हणजे बॉबिनी ३२. तीस करून घेतल्या असतील तर कातारीकाकांकडे आणखी एक खेप आहे.